उन्हाळी सेल, भर पावसात

स्टीम या संगणकावरच्या गेमच्या ऑनलाइन दुकानाचा उन्हाळी सेल आमच्या सांगलीत पावसाळ्यात येतो. जूनचा शेवटचा आठवडा, रात्रीचे साडेदहा. अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर तेव्हा सकाळचे दहा वाजतात, आणि स्टीम चालवणारी व्हॉल्व्ह कंपनी तिकडचीच. डिसेंबरातला हिवाळी सेल साडेअकराला उघडतो, कारण थंडीत तिकडची घड्याळं तासभर मागे जातात. २०२३पासून मार्चमध्ये वसंत सेलही असतो, पण त्याचं माझ्याशी जमत नाही. मी कर सल्लागाराच्या ऑफिसात काम करते. मार्चएंडला आम्हाला जेवायला फुरसत नसते, तिथे गेम कुठला खेळणार.

चाळिशीकडे झुकलेली बाई गेम खेळते म्हटलं की लोक मोबाइलवर गोळ्या जुळवण्याचा खेळ समजतात. मीही आता खुलासा करत बसत नाही. लॅपटॉप ऑफिसच्याच कामासाठी घेतलेला, आठ जीबी रॅमचा, वेगळं ग्राफिक्स कार्ड नसलेला. त्यावर जे चालतं ते मी खेळते. रात्री भांडी आवरल्यावर एखादा तास मिळतो, रविवारी दोन. गेमवर वर्षाला किती घालवायचे तेही ठरलेलं आहे, आणि एका नव्या मोठ्या गेमला दुकानात जी किंमत पडते तिच्या आतच ते बसवायचे असतात.

माझं खातं जुनं, डॉलरच्या काळातलं. तेव्हा स्टीमवर भारतासाठीही किंमत डॉलरमध्येच दिसायची. मग रुपयांत गुणाकार करायचा, आणि नवऱ्याच्या क्रेडिट कार्डावर परदेशी व्यवहाराचे चार पैसे वर जायचे ते वेगळेच. सेलची तऱ्हाही निराळी होती. रोज नवे सौदे, त्यात पुन्हा काही तासांपुरते झटपट सौदे. सकाळी ५० टक्के सूट असलेला गेम रात्री ७५ टक्क्यांवर जायचा, दुसऱ्या दिवशी पुन्हा वर. लोक गजर लावून उठायचे. २०१५मध्ये हे सगळं बदललं. जूनमध्ये पैसे परत घेण्याची सोय आली, नोव्हेंबरात रुपयांतल्या किमती आल्या आणि वर्ष संपताना ते झटपट सौदेही गेले. आता सेल उघडताना जो भाव लागतो तोच साधारण शेवटच्या दिवसापर्यंत टिकतो. म्हणून मी पहिल्या रात्री काहीही घेत नाही, फक्त बघते. एक तर त्या वेळी जगभरातले लोक एकदम आत घुसतात आणि पान उघडता उघडत नाही. आणि दुसरं म्हणजे, घाई करायचं कारणच उरलेलं नाही.

खरी खरेदी वर्षभर चालू असते, ती विशलिस्टमध्ये. कुणी एखाद्या गेमबद्दल चांगलं बोललं की मी तो तिथे टाकते आणि विसरून जाते. भाव उतरला की स्टीमची मेल येते. पण मेल आली म्हणजे लगेच पाकीट उघडायचं असं नाही. आधी स्टीमडीबी नावाच्या साइटवर जायचं. ती व्हॉल्व्हची नाही, पण प्रत्येक गेमची प्रत्येक देशातली किंमत कधी किती होती याचा आलेख तिथे सापडतो. भारत निवडला की रुपयांतला आजवरचा सर्वांत कमी भाव समोर येतो. आजचा भाव त्याच्या बरोबरीने असेल तर ठीक, नाहीतर तीन महिने थांबायला काय जातं?

हे बघावं लागतं, कारण टक्के फसवतात. ऑक्टोबर २०२२मध्ये व्हॉल्व्हने गेम बनवणाऱ्यांना देशोदेशी किती किंमत लावावी याचे नवे आकडे सुचवले. भारतासाठीचे आकडे वर गेले आणि पुष्कळ कंपन्यांनी ते उचलले. समजा, ६०० रुपयांचा गेम ७५ टक्के सवलतीत १५०ला मिळत होता. मूळ किंमत ११०० झाली की ८० टक्के सवलत देऊनही तो २२०ला पडतो. हिरव्या चौकोनातला आकडा मोठा दिसतो आणि खिशातून जास्त जातात. आपल्याकडच्या काही दुकानांत आदल्या दिवशी भाव चढवून दुसऱ्या दिवशी सेलची पाटी लावतात, तसं मात्र इथे करता येत नाही. किंमत वाढवली की त्या गेमवर ३० दिवस सवलत देता येणार नाही, असा स्टीमचा नियमच आहे.

पुतण्याला हे सगळं पटत नाही. आम्ही एकत्र कुटुंबात राहतो, तो दहावीत आहे. सेल लागला की माझ्या मागे येऊन उभा राहतो. "काकू, ९० टक्के ऑफ आहे, घेऊन टाक ना." मी विचारते, "खेळणार कधी?" तो म्हणतो, "राहू दे की लायब्ररीत." लायब्ररीत, म्हणजे घेतलेल्या गेमच्या यादीत, नुसत्या पडून राहणाऱ्या गेमला काही किंमत नसते आणि तो ४० रुपयांना मिळाला तरी महागच असतो, असं माझं मत. त्याच्या मते मी चिंगूस आहे.

थांबण्याचा फायदा नुसता पैशांचा नाही. सायबरपंक २०७७ डिसेंबर २०२०मध्ये आला तेव्हा त्यात इतके दोष होते की सोनीने तो आपल्या दुकानातून सहा महिने काढून टाकला होता. सप्टेंबर २०२३मध्ये त्याची २.० आवृत्ती आली आणि तोच गेम लोक डोक्यावर घेऊन नाचले. ज्यांनी पहिल्या दिवशी पूर्ण पैसे मोजले त्यांना मोडका गेम मिळाला, आणि जे तीन वर्षं थांबले त्यांना दुरुस्त केलेला, स्वस्तात. माझ्या लॅपटॉपवर तो चालणार नाही, तो भाग निराळा. द विचर ३ सारख्या गेमचे जोडभाग पुढे मूळ गेमसकट एकाच पेटीत येतात, आणि सेलमध्ये कधी कधी नुसता गेम आणि जोडभाग सुटे घेण्यापेक्षा ती पेटीच स्वस्त पडते. म्हणून कार्टमध्ये टाकण्याआधी त्या पानावर खालपर्यंत उतरून सगळ्या आवृत्त्या वाचायच्या.

थांबून काही उपयोग नाही असेही गेम आहेत. फॅक्टोरिओ घ्या. तो बनवणारी झेक कंपनी वुबे म्हणते, आम्ही कधीच सेल लावणार नाही, आणि खरोखर लावत नाही. उलट जानेवारी २०२३मध्ये त्यांनी किंमत ३० डॉलरवरून ३५ केली. आमच्या मारुती रोडवरच्या एखाद्या दुकानात ‘भाव एकच’ अशी पाटी असते आणि मालक मान वर करून बघतही नाही, तसलं हे प्रकरण. मला ते आवडतं. शिवाय त्यांचा डेमो फुकट आहे. दुसरं उदाहरण हॉलो नाइट सिल्कसाँगचं. पहिला हॉलो नाइट ऑस्ट्रेलियातल्या अ‍ॅडलेडच्या टीम चेरीने २०१७मध्ये काढला होता आणि तो आम्ही सेलमध्येच घेतला होता. दुसरा सप्टेंबर २०२५मध्ये आला तोच २० डॉलरला. इतकी वर्षं वाट पाहायला लावून एवढ्या कमी किमतीत सोडला, तर त्यात आणखी काय कापायचं? पुतण्याने त्याच आठवड्यात घेतला, मी काही बोलले नाही.

आता पहिल्या रात्री मी काय बघते ते. आधी विशलिस्ट सवलतीप्रमाणे लावते, मग किंमतीप्रमाणे. दीडशेच्या आतले एकीकडे. मग प्रत्येकाच्या पानावर उजव्या बाजूची बारीक अक्षरं. गेम सुरू करायला दुसऱ्या कंपनीचं खातं लागतं का, आणखी एक लाँचर, म्हणजे गेम सुरू करून देणारा प्रोग्रॅम, बसवावा लागतो का, सतत इंटरनेट हवं का, हे तिथे लिहिलेलं असतं. लागत असेल तर मी बहुधा सोडते. नंतर परीक्षणं. एकूण मत काय आणि गेल्या महिन्याभरातलं मत काय, हे दोन वेगळे आकडे असतात. एकूण उत्तम आणि अलीकडचं वाईट असेल तर मध्यंतरी काहीतरी बिघडलेलं असतं, ते वाचून बघायचं. शेवटी ग्राफिक्स. माझ्यासारखाच लॅपटॉप असलेल्या कुणीतरी परीक्षणात लिहिलेलंच असतं की अमुक सेटिंगवर बरा चालतो. कंपनीने दिलेल्या किमान अटींपेक्षा माझा त्या माणसावर जास्त विश्वास.

असा चाळून चाळून मिळालेला माझा सर्वांत लाडका गेम म्हणजे पेपर्स, प्लीज. लुकास पोप नावाच्या एका माणसाने २०१३मध्ये काढला. साल १९८२, आर्स्टोट्झ्का नावाचा काल्पनिक देश, आणि तुम्ही सीमेवरच्या चौकीत बसलेले कारकून. खिडकीसमोर रांग. एकेक माणूस पासपोर्ट पुढे सरकवतो. नाव जुळतं का, मुदत संपली का, शिक्का बरोबर आहे का, फोटो त्याचाच आहे का, वजन लिहिलंय तेवढंच भरतंय का. तफावत सापडली की विचारायचं. मग हिरवा शिक्का नाहीतर लाल. रोज नवा नियम येतो, रोज एक कागद वाढतो. किती माणसं तपासली त्यावर पगार, आणि त्या पगारातून घरच्यांचं जेवण, शेगडी, औषध. दिवसभर मी ऑफिसात बिलं आणि परतावे जुळवते, आणि रात्री घरी येऊन पुन्हा कागदच जुळवते, म्हणून नवरा हसतो. पण एखादी बाई रडवेली होऊन सांगते की नवरा आत्ताच पुढे गेला, माझ्याकडे परवाना नाही, सोडा हो. नियमाने सोडता येत नाही, सोडलं तर पगार कापला जाईल, आणि तिकडे घरात मुलगा आजारी. ऑफिसात मला असा निर्णय कधी घ्यावा लागला नाही. या गेमला मी मोजलेले पैसे मला आता आठवतही नाहीत, इतके कमी होते. तो कुठल्याही लॅपटॉपवर चालतो.

पोर्टल २ हा व्हॉल्व्हचा स्वतःचा गेम, २०११चा. सेलमध्ये तो इतका उतरतो की मला ५० रुपयांच्या आत मिळाला. भिंतीवर दोन भोकं पाडायची, एकातून आत शिरायचं आणि दुसऱ्यातून बाहेर, एवढ्यावर सगळी कोडी. दोन यंत्रमानव मिळून सोडवायची कोडी वेगळी आहेत, आणि एक गेमपॅड असला की ती एकाच पडद्यावर खेळता येतात. ती मी पुतण्याबरोबर खेळले. तो मला मुद्दाम खड्ड्यात पाडायचा. इंटू द ब्रीच हा २०१८चा, आठ बाय आठ घरांचा पट. शत्रू पुढे काय करणार ते आधीच दिसतं, आपण फक्त ते कसं चुकवायचं ते ठरवायचं. कुकरच्या शिट्ट्या होईपर्यंत एक डाव होतो.

सासूबाईंना घरातला एकच गेम माहीत आहे, तो म्हणजे स्टारड्यू व्हॅली. एरिक बरोनने एकट्याने चारेक वर्षं खपून बनवला आणि २०१६मध्ये आणला. तेव्हापासून त्यात फुकट भर पडते आहे, एक मोठी २०२४च्या मार्चमध्येही पडली. त्यात शेती आहे. सासूबाईंचं माहेर तासगावकडचं, द्राक्षबागेचं. त्या मागे खुर्ची टाकून बसतात. हंगाम बदलला की त्यातलं पीक एका रात्रीत वाळून जातं, हे त्यांना अजिबात मान्य नाही. "असं कुठं असतंय होय? निदान औषध तरी मारू द्यायचं." या गेमवर मोठी सवलत सहसा मिळत नाही. निम्म्या किमतीला आला आणि मी घेतला.

निम्म्या किमतीला यावरून राजी आठवला. राजी: अ‍ॅन एन्शंट एपिक हा आपल्या पुण्यातल्या नॉडिंग हेड्स गेम्सचा, २०२०चा गेम. राजी ही मुलगी आपल्या धाकट्या भावाला, गोलूला, शोधत निघते. पहाडी लघुचित्रांसारखी रंगसंगती, राजस्थानी महाल, आणि गोष्ट सांगायला दुर्गा आणि विष्णू. २०१७मध्ये त्यांनी लोकांकडून पैसे उभे करायचा प्रयत्न केला, तो फसला, तरीही त्यांनी गेम पुरा केला. स्टीम आपल्या दुकानाचे म्हणून साधारण ३० टक्के कापून घेतं. फार खपणाऱ्या गेमना हा वाटा कमी होतो, पण छोट्या मंडळींना एवढं खपवणं कुठे जमायचं? म्हणजे १०० रुपयांना विकला तर बनवणाऱ्याकडे ७० जातात, तेही कर वगैरे धरण्याआधी. त्यामुळे विचर ३ मी अगदी तळाच्या भावाची वाट बघून घेईन, पण अशा गेमसाठी सवलत दिसली की पुरे. राजी लढायला थोडा अवघडलेला वाटतो, हेही खरं. तरी त्या महालांत फिरताना कुणीतरी आपलं बोलतंय असं वाटत राहतं.

पैसे भरायचं एक वेगळंच नाट्य. हल्ली यूपीआय चालतं, त्यामुळे बरंच सोपं झालंय. त्याआधी एका बँकेचं माझं कार्ड रात्री अकरानंतर परदेशी व्यवहार म्हटला की हमखास नकार द्यायचं, आणि दुसऱ्या दिवशी फोन करून विचारलं की ‘तुमच्या सुरक्षिततेसाठी’ एवढंच उत्तर. तेव्हापासून मी सेलच्या आठवडाभर आधी स्टीमच्या वॉलेटमध्ये ठरलेली रक्कम भरून ठेवते. ती संपली की सेल संपला. हा उपाय बँकेपेक्षा माझ्यावरच जास्त लागू पडला.

त्या वॉलेटमध्ये थोडी भर कार्डांतूनही पडते. बऱ्याच गेममध्ये खेळता खेळता चित्रांची कार्डं मिळतात, ती स्टीमच्या बाजारात विकता येतात. एकेक तीन-चार रुपयांना जातं, त्यातून पाच टक्के स्टीम घेतं आणि बहुतेक वेळा दहा टक्के गेमची कंपनी. एवढ्याशा रकमेत ते जास्तच लागतं. पण वर्षभरात एखादा छोटा गेम त्यातून निघतो. खात्यावर आधी निदान पाच डॉलरइतका खर्च केलेला असावा लागतो, तोवर बाजार उघडत नाही. पुतण्या याला भंगार विकणं म्हणतो आणि स्वतःची कार्डं मात्र मोजून विकतो.

रिफंड मी मोकळ्या मनाने वापरते. विकत घेतल्यापासून १४ दिवसांच्या आत, आणि खेळ दोन तासांच्या आत असेल तर कारण विचारत बसत नाहीत. म्हणून घेतलेला प्रत्येक गेम त्याच रात्री अर्धा तास चालवून बघायचा. एकदा एक सुंदर दिसणारा गेम माझ्या लॅपटॉपवर सुरू झाला आणि पंखा असा घोंघावायला लागला की नवरा आतून उठून आला. मदत विभागात जाऊन ‘माझ्या संगणकावर नीट चालत नाही’ हे कारण निवडलं, पैसे वॉलेटमध्ये परत आले, त्यात दुसरे दोन छोटे गेम बसले. सेलच्या तोंडावर घेतलेला गेम सेलमध्ये उतरला तर परत देऊन पुन्हा घ्यायलाही त्यांची ना नसते.

स्टीमशिवाय बघावं अशी आणखी दोन ठिकाणं. एपिकच्या दुकानात दर गुरुवारी एखादा गेम फुकट असतो, आपल्याकडे रात्री साडेआठला, थंडीत साडेनऊला. मे २०२०मध्ये, टाळेबंदीत, त्यांनी जीटीए ५ फुकट दिला होता आणि गर्दीने त्यांची साइट कोलमडली होती. दुसरं जीओजी, पोलंडचं. तिथला गेम उतरवून स्वतःच्या डिस्कवर कायमचा ठेवता येतो, कुठलंही कुलूप नाही. स्टीमच्या कार्टमध्ये तर ऑक्टोबर २०२४पासून स्पष्ट लिहून येतं की तुम्ही गेम नव्हे, वापरायचा परवाना विकत घेताय. अगदी जपून ठेवावेसे वाटणारे जुने गेम मी म्हणूनच जीओजीवरून घेते. निम्म्या भावात चाव्या, म्हणजे गेम उघडायचे कोड, विकणाऱ्या परक्या साइट्सकडे मात्र मी फिरकत नाही. ती चावी कुणाच्या चोरलेल्या कार्डाने घेतलेली आहे हे आपल्याला कळत नाही, आणि पुढे ती रद्द झाली तर दाद मागायला जागा नाही. स्वस्त देशातले आहोत असं भासवून खरेदी करणं स्टीमला चालत नाही, आणि आपल्याला तशी गरजही नाही. रुपयांतल्या किमती बऱ्याचदा अमेरिकेपेक्षा कमीच असतात.

२०२४च्या सप्टेंबरात स्टीम फॅमिली आली आणि आमच्या घरातले हिशेब बदलले. एका घरातल्या सहा जणांपर्यंतच्या लायब्ररी एकत्र होतात. माझे गेम पुतण्याला दिसतात, त्याचे मला. एकच प्रत दोघांना एकाच वेळी खेळता येत नाही, पण मी पेपर्स, प्लीज खेळत असताना तो माझा दुसरा गेम खुशाल खेळू शकतो. आता सेलमध्ये दोघांनी एकच गेम घ्यायचा नाही, एवढं आधी बोलून घेतो. एक ताकीद मात्र मी त्याला दिली आहे. माझ्या प्रतीवर त्याने लबाडी केली आणि बंदी आली तर त्या गेमपुरती ती माझ्यावरही येते. त्याने हात जोडून "हो काकू" म्हटलं, जरा जास्तच नाटकी.

लहान सदस्याला स्वतः पैसे भरता येत नसतील तर तो कार्ट मोठ्याकडे पाठवू शकतो, आणि मोठा फोनवर ती मंजूर करतो. २०२५मध्ये शरद सेल नोव्हेंबरातून उचलून २९ सप्टेंबरला आणला गेला, म्हणजे नेमका दसऱ्याच्या आठवड्यात. दोन ऑक्टोबरला, सोनं वाटून घरी येतोय तोवर माझ्या फोनवर पुतण्याची विनंती येऊन पडलेली. चार गेम होते. दोनांचे भाव स्टीमडीबीवरच्या तळाला टेकलेले होते, ते मंजूर केले. तिसरा त्याच्या संगणकावर धापा टाकेल हे त्यालाही ठाऊक होतं. चौथ्यावर फक्त २० टक्के सवलत होती. तो परत विशलिस्टमध्ये गेला, आणि खाली जाऊन मी त्याला सांगितलं की अठरा डिसेंबरला रात्री साडेअकराला बघू, तोवर सहामाहीचे पेपर हातात येऊ देत.